'फ्रंट'ला मराठीत काय म्हणायचं? टोपणनाव, डमी, बेनामी?

मंडळी, एका शब्दावर अडलोय. डाल्टन ट्रम्बोवर लिहितोय, हॉलिवूडचा पटकथालेखक. १९४७ साली संसदेच्या समितीने तुम्ही कम्युनिस्ट आहात का विचारलं, याने उत्तर दिलं नाही, मग स्टुडिओंनी काळ्या यादीत टाकलं आणि १९५० मध्ये जेल. काळी यादी ठीक आहे, रुळलेला शब्द. पण पुढे पोटासाठी त्याने जे केलं त्यात 'फ्रंट' येतो, म्हणजे स्क्रिप्ट याचं, नाव दुसऱ्या खऱ्याखुऱ्या माणसाचं, पैसे तो घेणार आणि गुपचूप याला पोचवणार. 'रोमन हॉलिडे' तसाच, नाव इयन मॅक्लेलन हंटरचं, कथेचं ऑस्करपण त्यालाच. मी टोपणनाव लिहून बसलो होतो पण खटकतंय.

—

टोपणनाव अजिबात नको. कुसुमाग्रज म्हणजे शिरवाडकर, माणूस एकच. हंटर तर वेगळा हाडामांसाचा लेखक होता, ट्रम्बोचा मित्र. भूतलेखक चालेल का?

—

नाही हो, ते उलटं होतं. आपल्याकडे 'शब्दांकन' करणारा बिचारा अनोळखी असतो आणि नाव नटाचं किंवा पुढाऱ्याचं. इथे लपलेला माणूसच मोठा, काळ्या यादीआधी हॉलिवूडात सगळ्यात जास्त पैसे घेणाऱ्या लेखकांपैकी एक.

—

डमी म्हणा ना सरळ.

—

परीक्षेत डमी बसतो तो पेपर लिहितो की! म्हणजे डमी ट्रम्बो झाला, हंटर नाही :)

माझं मत बेनामी. शब्दशः बिननावाचा, पण वापरात दुसऱ्याच्या नावावरचा, मेहुण्याच्या नावावर प्लॉट घेतात तसा. निनावी वेगळं, निनावी पत्राखाली नावच नसतं. आणि ज्याच्या नावावर घेतलं तो बेनामीदार, तुमच्या फ्रंटला अगदी फिट.

—

अर्थ फिट आहे पण वास काळ्या पैशाचा येतो. प्लॉटवाला स्वतःहून लपतो, ट्रम्बोला लपायला लावलं होतं, दोन्हीला एकच शब्द कसा लावायचा. मी 'उसनं नाव' म्हणेन, हंटरने नाव उसनं दिलं. उसनं परत करायचं असतं आणि ते झालंही, १९९३ मध्ये ते ऑस्कर ट्रम्बोच्या नावाने त्याच्या बायकोला दिलं, तो १९७६ लाच गेला होता.

—

उसनं नाव आवडलं, हेच घेतो. फक्त 'द ब्रेव्ह वन'चं काय करू? तिथे लेखक म्हणून रॉबर्ट रिच नाव लावलं, १९५७ च्या समारंभात ऑस्कर जाहीर झालं आणि घ्यायला रिच आलाच नाही. म्हणून त्याला टोपणनाव म्हणायला गेलो, तर रिच नावाचा माणूस खरंच निघाला, निर्मात्या किंग बंधूंचा नेफ्यू. ट्रम्बोला ती बाहुली १९७५ मध्ये मिळाली, १९६० च्या 'स्पार्टाकस' आणि 'एक्झोडस'वर नाव उघड येऊन पंधरा वर्षं झाल्यावर.

—

नेफ्यू म्हणजे कोण पण, पुतण्या की भाचा?

—

तेच तर. आडनाव वेगळं म्हणून भाचा धरलाय.

—

आडनावावर जाऊ नका, किंग बंधू मूळचे कोझिन्स्की.