गोष्टीतला घुमणारा स्फटिक: तो थरथरतो तरी कशामुळे?

शाईचा_डाग
एक मोठी गोष्ट लिहितेय, जग पूर्ण कल्पनेतलं. आकाशात दोन चंद्र, विज्ञान आहे पण वीज कुणाला माहीत नाही, धातू ओतता येतात, भिंगं घासता येतात, एवढंच. तिथल्या एका खोल खाणीत मुठीएवढा स्फटिक सापडतो आणि तो सतत थरथरत असतो, खालच्या पट्टीत घुमतो, म्हणून लोक त्याला घुमरा म्हणतात. दोन्ही चंद्र एका रेषेत आले की त्याचा सूर चढतो. खाणीत राबणारी एक पोरगी तो लपवून वर आणते आणि रात्रभर उशाशी घेऊन झोपते. इथवर लिहून झालंय आणि आता अडकलेय, कारण पुढे ती त्याचं कोडं सोडवणार आहे आणि तो का थरथरतो हे मलाच माहीत नाही. जादू म्हणून सोडून द्यायचं नाहीये. वाचताना वाटलं पाहिजे की हो, हे असं होऊ शकतं. कुणी मदत कराल का?

दगडवेडा
कल्पना खूप आवडली. पण सगळ्यात आधी एक गोष्ट ठरवा, त्याला ताकद कुठून मिळते? कुठलाही स्फटिक आपणहून कायम थरथरत नाही, टिचकी मारली तर थोडा वेळ वाजेल आणि थांबेल. घड्याळातला क्वार्ट्झ, म्हणजे गारगोटीचा स्फटिक, थरथरतो तो बॅटरीच्या जोरावर. क्वार्ट्झ दाबला की त्याच्यावर विद्युतभार तयार होतो हे 1880 मध्ये जाक आणि पिएर क्युरी या भावांनी दाखवलं, आणि उलटही खरं आहे, वीज दिली की तो किंचित आकार बदलतो. म्हणून सर्किटमधून ठरावीक ठोके देत राहिलं की तो थरथरत राहतो, घड्याळात सेकंदाला 32,768 वेळा. हा आकडा 15 वेळा निम्मा केला की बरोब्बर 1 उरतो, म्हणजे एक सेकंद. पण तुमच्या जगात वीज नाही म्हणजे ही वाट बंद. चंद्रांची भरती-ओहोटी वापरता येईल असं वाटतंय, फक्त ती तासन्‌तास चालणारी संथ गोष्ट आहे, तिच्यातून सूर कसा काढायचा ते मला सुचत नाहीये.

तारसप्तक
ते मी सांगतो, मी व्हायोलिन वाजवतो. गज तारेवरून सावकाशच फिरतो ना? तरी तार सेकंदाला शेकडो वेळा हलते. गज तारेला चिकटून ओढतो, ताण वाढला की तार निसटते, परत चिकटते, परत निसटते. इथे गजाच्या जागी खडक घ्या. आपल्या पृथ्वीवरसुद्धा फक्त समुद्रच नाही, पायाखालचा खडकही चंद्र-सूर्यामुळे रोज काही इंच वरखाली होतो, कळत नाही इतकंच. तुमच्याकडे तर दोन चंद्र! तिथे खडक जास्त जोरात सरकतो, एखाद्या भेगेत अडकलेल्या स्फटिकाच्या कडेवर घासतो, आणि स्फटिक गातो. 1787 मध्ये आवाजाचा अभ्यास करणारे जर्मन शास्त्रज्ञ क्लाडनी यांनी वाळू पसरलेल्या पत्र्याच्या कडेवर असाच गज ओढून वाळूच्या नक्ष्या उमटवून दाखवल्या होत्या. तुमच्या पोरीला हा प्रयोग करायला वीज लागत नाही, पत्रा आणि मूठभर वाळू पुरे.
पण यामुळे तुमच्या दोन गोष्टी मोडतात. सूर चंद्रांमुळे चढणार नाही, कारण सूर स्फटिकाच्या आकारावर ठरतो, चंद्र जवळ आले की फक्त आवाज मोठा होईल. आणि खाणीतून बाहेर काढला की तो गप्प.

दगडवेडा
वा, निसटण्याचं डोक्यातच आलं नाही माझ्या! मग मापाचंही बघा. क्वार्ट्झमध्ये आवाज सेकंदाला साधारण साडेपाच-सहा किलोमीटर धावतो, त्या हिशोबाने 10 सेंटीमीटरचा तुकडा लांबीत थरथरला तर 28 हजारांच्या आसपास फ्रिक्वेन्सी (सेकंदाला होणारी थरथर) येते आणि माणसाला 20 हजारांच्या वरचं ऐकू येत नाही. मुठीएवढा गोळा खालच्या पट्टीत घुमणार नाही हो. त्याला चिमट्यासारखे दोन लांब पातळ काटे द्या, सूर लावायच्या ट्यूनिंग फोर्कसारखे, वाकून हलणारी वस्तू लहान असूनही खालचा सूर देते. घड्याळातला क्वार्ट्झही त्याच आकाराचा असतो, म्हणून तर इतका बारका असून चालतो.
अजून एक, क्वार्ट्झचे दोन खडे अंधारात एकमेकांवर घासले तर आत फिकट उजेड चमकतो. खाणीत दिवा विझल्यावर भेगेच्या कडेला तसा उजेड दिसला तर?

रात्रपाळी
मला यातलं शास्त्र कळत नाही, वाचक म्हणून सांगते. सगळं समजावून सांगू नका प्लीज. खडक घासतो हे तिला कळू दे, पण त्या भेगेत दोन काट्यांचा स्फटिक आला कुठून, कुणी घडवून बसवला का, ते मला शेवटपर्यंत खुपत राहायला हवं.

शाईचा_डाग
दुपारपासून तुमची उत्तरं वाचतेय आणि वहीत चार पानं भरली. उशाशी घेऊन झोपण्याचा प्रसंग माझा सगळ्यात लाडका होता, तो बदलतेय, ती तो वर आणते आणि घुमरा गप्प होतो. तिला वाटतं आपण त्याला मारलं. म्हणून ती परत खाली जाते, आणि त्या जाण्यातूनच सगळा शोध सुरू होतो. आधी तिला परत खाली पाठवायला मला कारणच सापडत नव्हतं!
एकच विचारायचंय, काढताना एका काट्याचं टोक तुटलं असेल तर काय होईल?

तारसप्तक
आखूड काट्याचा सूर चढेल आणि दोघांचा मेळ जाईल. मग थरथर दोन्ही काटे जोडणाऱ्या देठातून खाली झिरपते आणि आवाज पटकन विरतो. तिने परत भेगेत बसवला तरी तो पूर्वीसारखा गाणार नाही. जुळवायचा तर दुसरा काटाही तेवढाच घासावा लागेल, आणि तिच्या जगात भिंगं घासणारे आहेत असं तुम्हीच लिहिलंय.