मूकपटात लोक नेमके कशाला हसायचे?

गिरगावातल्या एका हॉलमध्ये रविवारी बस्टर कीटन या अमेरिकन विनोदी नटाचा जुना मूकपट बघितला, सोबत लाईव्ह पियानो, आणि मागच्या रांगेतली पोरं लोळत होती अक्षरशः. तेव्हाचं पब्लिक पण असंच हसायचं का, आणि हशा कुठे येणार हे बनवणाऱ्यांना आधी कसं कळायचं?

— चाळकरी: प्रीव्ह्यू! आधी न सांगता साध्या थिएटरात दाखवायचे आणि लोक कुठे हसतात ते बघत बसायचे. कीटनच्या १९२४ च्या ‘द नॅव्हिगेटर’मध्ये तो समुद्राच्या तळाशी स्टारफिश छातीवर लावून माशांचं ट्रॅफिक सांभाळतो असा सीन होता, भारी खर्च करून केलेला, पण प्रीव्ह्यूला कोणी हसलंच नाही कारण वर बोटीवर हिरॉईन संकटात आणि हा खाली मजा करतोय! शेवटी काढून टाकला. मला तर हे आजच्या कॉमेडीवाल्यांनी रोज वाचावं असं वाटतं.

— लोअरपरेल: तेव्हाचा दुसरा विनोदी नट हॅरॉल्ड लॉईड पण असंच करायचा, जमलं नाही की परत शूटिंग.

— खेतवाडी: आपल्याकडे अजून गंमत. पडद्यावर मधे मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्या वाचता न येणारे भरपूर, मग थिएटरात कोणीतरी मोठ्याने वाचून दाखवायचं, त्यात तबला-पेटी चालू, म्हणजे शांतता कुठली! फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’नंतर १९१४ ला ‘पिठाचे पंजे’ नावाची छोटी कॉमेडी काढलेली, ती बघायला मिळाली तर काय पाहिजे.

— चाळकरी: पुढचा शो कधी आहे रे? तारीख टाक.