मायाप्रदेशातला कंपन-नकाशा: तीन चौक्यांवरून मंत्राची जागा कशी काढायची?

स्पंदवही
कादंबरीसाठी ‘स्पंदनालेखन’ नावाचं शास्त्र रचते आहे. मोठा मंत्र टाकला की जमीन हादरते आणि आलेखक त्यावरून जागा नकाशावर मांडतात. साधनं म्हणजे लंबक, पितळ, वाळू, कागद. तीन डोंगरांवर तीन चौक्या. सध्याचं वर्णन असं: पितळी पत्र्यावरची वाळू मंत्राच्या दिशेला गोळा होते, आणि हादरा कुठे आधी पोचला त्यावरून अंतर काढतात. पण तिन्ही चौक्यांची घड्याळं जुळवायची कशी? आणि वाळूचं वर्णन पटतं का?

ओळंबा
घड्याळं जुळवूच नका. हादऱ्यातून दोन लहरी एकदम निघतात. प्राथमिक लहर मागेपुढे ढकलते, खडकात तिचा वेग सेकंदाला साधारण ६ किमी. दुय्यम लहर आडवं हलवते, वेग साधारण ३.५ किमी. जितकं अंतर जास्त तितकी दुसरी मागे पडते. चौकीने आपल्याकडच्या दोन धक्क्यांमधला वेळ तेवढा मोजायचा. दर सेकंदाला सुमारे ८.४ किमी, म्हणजे ६ सेकंदांचा फरक आला तर मंत्र ५० किमीवर.

सेकंद मोजायला टांगणीपासून गोळ्याच्या मध्यापर्यंत २५ सेंमी लांबीचा लंबक पुरतो. जाऊन परत येण्याचा एक पूर्ण झोका म्हणजे १ सेकंद. शिकाऊ माणूस अर्धा झोका मोजतो आणि अंतर दुप्पट काढतो. दुसरी चूक जास्त घातक आहे: पहिला धक्का हलका असतो. तो उशिरा लक्षात आला तर फरक कमी भरतो आणि मंत्र आहे त्याहून जवळ वाटतो. म्हणून जड गोळ्याचा लांब लंबक, त्याला टोक, खाली काजळी धरलेला कागद एकसारख्या गतीने सरकता ठेवा. जमीन हलते, गोळा जागेवर राहू पाहतो, टोक ओरखडा काढतं. उत्तर-दक्षिण आणि पूर्व-पश्चिम असे दोन लंबक हवेत.

आता नकाशा. प्रत्येक चौकीभोवती तिच्या अंतराचं वर्तुळ काढा. मंत्र जमिनीखाली टाकलेला असेल तर वर्तुळं एका बिंदूत मिळत नाहीत, एकमेकांवर चढतात. लोक याला मोजणीची चूक समजतात, पण इथेच खोली सापडते! दर दोन वर्तुळांची सामाईक जीवा ओढा. तिन्ही जीवा जिथे छेदतात ते अपिकेंद्र, म्हणजे मंत्राच्या बरोबर वरची जमिनीवरची जागा. तिथून एका चौकीकडे रेष ओढा; अपिकेंद्रातून जाणारी, त्या रेषेला लंब अशी त्याच चौकीच्या वर्तुळाची जीवा काढली की तिची अर्धी लांबी म्हणजे खोली. त्रिज्या ५० किमी, अपिकेंद्र चौकीपासून ४० किमी, तर खोली ३० किमी. चौक्या साधारण एकाच उंचीवर हव्यात, आणि सरळ रेषेत मुळीच नकोत. मग जीवा समांतर जातात.

निस्पंद
वाळूचं वर्णन बदलावं लागेल. थरथरत्या पत्र्यावर वाळूच्या आकृत्या उमटतात; एर्न्स्ट क्लाड्नी यांनी त्या १७८७ मध्ये प्रसिद्ध केल्या. वाळू गोळा होते ती पत्रा हलत *नाही* तिथे, निस्पंद रेषांवर. जोराची जागा रिकामी दिसते. शिवाय आकृती पत्र्याची असते, प्रदेशाची नाही, त्यामुळे दिशा कळणार नाही. कळतो तो स्वर. तेव्हा पत्रा मंत्र *ओळखायला* ठेवा, शोधायला नको.

चौरस पत्रा मधोमध घट्ट धरा, पूर्ण सपाट, वाळू कोरडी आणि विरळ. राळ लावलेला सारंगीचा गज कडेवर ओढा. कडेला बोट टेकवाल तिथे निस्पंद तयार होतो. दमट वाळू चिकटते, जास्त वाळूत रेषा जाड होऊन मिसळतात. जाडी दुप्पट केली तर कंप्रता (दर सेकंदाची कंपनं) दुप्पट, लांबी-रुंदी दुप्पट केली तर चौथा हिस्सा. एका जाडीचे वेगवेगळ्या मापांचे पत्रे ओळीने मांडले की कोणता थरथरला त्यावरून मंत्राचा स्वर वाचता येतो.

आणखी एक: अगदी बारीक भुकटी उलट वागते, जोराच्या जागी ढीग करते. मायकेल फॅरेडे यांनी १८३१ मध्ये कारण दिलं, पत्र्यालगतचे हवेचे प्रवाह भुकटीला ओढून नेतात. वाळूत भुकटी मिसळली की दोन्ही जागा एकदम दिसतात.

स्पंदवही
दोन्ही घेते, वाळूचं प्रकरण नव्याने लिहीन. खलनायकाला मंत्र लपवायचा असेल तर? बनावट स्वर चालेल?

निस्पंद
कानाला फसवता येईल. मार्क कॅक यांनी १९६६ मध्ये विचारलं होतं की ढोलाचा आकार नुसत्या आवाजावरून ओळखता येतो का. १९९२ मध्ये गॉर्डन, वेब आणि वोलपर्ट यांनी दोन वेगळ्या आकारांचे पडदे दाखवले, ज्यांच्या सगळ्या कंप्रता तंतोतंत सारख्या. तुमच्या कथेत ऐकणारा फसेल. पण पडद्यावर वाळू टाकणारा नाही, कारण निस्पंद रेषा वेगळ्या पडतात.

ओळंबा
लपवण्याचा दुसरा मार्ग द्रव. दुय्यम लहर द्रवातून जात नाही. मंत्र आणि चौकी यांच्यामध्ये मोठं भूमिगत सरोवर असेल तर सरळ वाटेने पहिलाच धक्का येतो, मग फरक मोजायचा कशाचा? पृथ्वीचा बाह्य गाभा द्रव असल्याचं याच लहरींवरून कळलं; त्याच्या आत आणखी एक वेगळा गाभा आहे हे इंगे लेमान यांनी १९३६ मध्ये प्राथमिक लहरींवरून मांडलं. त्यामुळे तुमच्या आलेखकांनी ‘दुसरा धक्का नाही’ ही नोंद खोडू नये. वेगवेगळ्या मंत्रांसाठी अशा चौक्यांपासून अपिकेंद्रापर्यंत रेषा ओढल्या की त्या जिथे एकमेकींना छेदतात त्या भागात सरोवर सापडतं. मात्र अपिकेंद्रासाठी तीन चौक्या बोलत्या हव्यात, म्हणजे एकूण चार-पाच तरी बांधा.