अपग्रेडच्या हिशेबात कर धरा
आईबाबांच्या मुंबई-लंडन-मुंबई तिकिटावर बिझनेस क्लासचे साधारण किती जादा पडतील, असं तुम्ही विचारलंय. नुसता भाड्यातला फरक धरू नका. २२ सप्टेंबर २०२५ पासून इकॉनॉमीवर जीएसटी ५ टक्के, तर वरच्या वर्गांवर १८ टक्के आहे. आधी तो १२ होता. लंडनहून परतताना ब्रिटनचा प्रवासी करही वरच्या वर्गाला दुपटीहून जास्त लागतो. अपग्रेडसाठी विमान कंपनीकडे बोली लावणार असाल (म्हणजे किती जादा द्याल ते स्वतःच सांगणार असाल) तर ती बहुधा माणशी आणि एका बाजूची असते, म्हणजे दोघांचे जाऊन-येऊन चौपट! मी असते तर फक्त रात्रीच्या विमानासाठी खर्च केला असता. सत्तरीतल्या गुडघ्यांना नऊ तासांत आडवं व्हायला मिळणं फार मोलाचं असतं.