मूकपट दाखवायचा आहे, पण माणसं पळताना दिसतात

कृष्णाकाठ:
सांगलीत वाचनालयाच्या सभागृहात ‘कालिया मर्दन’ (१९१९) दाखवायचा आहे. फाळक्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली आहे तोच. फाइल लॅपटॉपवर लावली की सगळ्यांची धावपळ सुरू होते. वेग किती ठेवावा? साथीला मिरजेचे पेटी-तबलावाले आहेत.

रीळ३५:
तेव्हा कॅमेऱ्याचं हँडल हातानं फिरवत. एका फेऱ्याला ८ फ्रेम, म्हणजे ८ स्थिर चित्रं, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सेकंदाला १६. बोलपटांबरोबर २४ चा वेग पक्का झाला. १६ नं घेतलेलं २४ नं लावलं की चाल दीडपट. हजार फुटांचं रीळ १६ नं जवळपास १७ मिनिटं चालतं, २४ नं ११ मिनिटांत संपतं.

फाइल २४ ची असेल तर वेग ०.६७ ठेवा, २५ ची असेल तर ०.६४. पण आधी व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये ‘ई’ दाबत एकेक फ्रेम पुढे सरका. मध्येमध्ये तीच फ्रेम पुन्हा येत असेल तर कुणीतरी वेग आधीच दुरुस्त केलाय. तो आणखी उतरवलात तर चित्र रेंगाळेल.

१६ लाही चिकटून बसू नका. हातानं फिरवलेलं हँडल, प्रसंगागणिक वेग बदलतो. कुठे १८, कुठे २० सुद्धा बरा दिसतो. उडणारं पाणी किंवा खाली पडणारी वस्तू बघून ठरवा. चालण्यावरून अंदाज चुकतो, पाण्यावरून सहसा नाही.

ठेका:
वेग पक्का झाल्याशिवाय तालीम नको, सगळी मोजणी बदलते. फाइलवर चिकटवलेलं संगीत बंद करा. दर कटला ठेका बदलू नका, प्रसंग बदलला की बदला. पेटीवाल्याला पडदा दिसलाच पाहिजे, त्याच्या दिव्याला मात्र पडद्याच्या बाजूनं आडोसा हवा.

मध्येमध्ये पडद्यावर मजकुराच्या पाट्या येतात, त्या मोठ्यानं वाचणारा एक जण ठेवाच. इथेच सांगलीत १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांच्या ‘सीता स्वयंवर’ नाटकात सूत्रधार पदं गाऊन कथा पुढे नेत असे, पौराणिक मूकपटाला तो बाज फार शोभतो. पाटी आली की तबला थांबवा, पेटीचा नुसता सूर धरा.

कृष्णाकाठ:
फाइल ०.६७ नं लावली, चालणं सुधारलं. पण एक-दोन पाट्या पापणी लवायच्या आत जातात.

रीळ३५:
निगेटिव्हमध्ये कधीकधी पाटीच्या दोन-चारच फ्रेम खुणेपुरत्या ठेवलेल्या असतात. प्रिंट काढताना त्या लांबवायच्या राहिल्या की असं होतं. एडिटिंगमध्ये तेवढीच फ्रेम थोपवून धरा. वाचणाऱ्याला समोर बसवून, तो सावकाश वाचून संपवेल तेवढे सेकंद द्या आणि वर एक सेकंद जादा. हे आधी करा, मगच तालमीची वेळ कळवा.