शब्दचर्चा : जमिनीचा ‘सडा’ म्हणजे नेमके काय?

चौकस :
रत्नागिरी जिल्ह्याच्या भूजलावरचा एक इंग्रजी मजकूर मराठीत आणायचा आहे. त्यात ‘लॅटराइट प्लॅटो’ पानोपानी येते. ‘जांभ्याचे पठार’ असा शब्द मी धरला होता. पण राजापूर-देवगडकडचे लोक बोलताना आणि कातळशिल्पांवरच्या लेखांत सरळ ‘सडा’ म्हणतात. एरवी सडा म्हटला की शेणसडा, प्राजक्ताचा सडा, नाहीतर सडाफटिंग. हा जमिनीचा सडा त्यातलाच की वेगळा? कातळ, माळ, पठार, भरड यांच्याशी त्याचे नाते काय? आणि देशावरच्या काळ्या दगडाच्या पठाराला सडा म्हटले तर चालेल का?

माजघर :
आधी व्याकरण. सडा पुल्लिंगी, सडा, सडे, सड्यावर, सड्यांचा. मालवणीत ‘सड्यार’ : ‘गोरवां सड्यार सोडली.’ गोव्यात ‘सडो’. मुरगाव बंदराच्या वरचा हेडलँड सडा तोच.

आता अर्थ. शिंपडलेल्या वा विखुरलेल्या वस्तूचा सडा हा एक. दुसरा ‘सडा’ म्हणजे बरोबर काही लवाजमा नसलेला, एकटा, सुटा : सडाफटिंग, सडी स्वारी, सडे स्वार. तांदूळ सडणे, हातसडीचा तांदूळ हे क्रियापद आणखी निराळे. तिथे वरचे आवरण काढणे आहे. जमिनीचा सडा ‘उघडा-वाघडा, अंगावर माती नसलेला’ म्हणून दुसऱ्या अर्थाजवळचा वाटतो खरा, पण अर्थ जुळतो एवढ्यावर व्युत्पत्ती मांडू नये. कोशात त्याला स्वतंत्र क्रमांक देऊन वेगळी नोंद करावी, हे बरे.

गावांच्या नावांत तो चांगला जपला गेला आहे. रत्नागिरीजवळ सडामिऱ्या आणि जाकीमिऱ्या अशी जोडीची गावे आहेत. देवगड तालुक्यात सडेवाघोटण आहे. सडा हा जागेचा प्रकार म्हणून लोकांच्या तोंडी किती पक्का आहे ते या नावांत दिसते.

खडकवाचक :
चौकस, ‘जांभ्याचे पठार’ चूक नाही, पण सडा त्याहून नेमका आहे. पठार या शब्दात उंची आणि सपाटी येते. वर माती किती, झाड किती, याबद्दल तो काही सांगत नाही. सडा म्हटले की तिन्ही गोष्टी एकदम येतात : सपाट माथा, वर जांभ्याचे उघडे कवच, माती जवळजवळ नाही.

हे कवच होते कसे ते पाहिले की शब्दाची हद्द कळते. खाली बसाल्ट, कोकणी माणसाच्या भाषेत काळवत्री दगड. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. उष्ण हवा, चार महिने धो धो पाऊस आणि आठ महिने कोरड, असे लाखो वर्षे चालले की पाणी त्या खडकातले कॅल्शियम, मॅग्नेशियम, सोडियम, पोटॅशियम आणि बरीचशी सिलिका धुऊन नेते. लोह आणि ॲल्युमिनियम विरघळायला नाखूष, ते मागे उरतात. लोहाची ऑक्साइडे वाळून घट्ट बसली की वरचे कवच तयार होते. ॲल्युमिनियमचा वाटा फार वाढला की त्याच थराला बॉक्साइट म्हणतात; कोल्हापूर जिल्ह्यात घाटमाथ्यावर तो खणतात.

सड्याच्या कडेला रस्त्यासाठी डोंगर कापलेला असेल तिथे उभे राहून वरून खाली बघा. वर काळपट तपकिरी, पहारीला दाद न देणारे कवच, हातभरापासून दोन-तीन मीटरपर्यंत. त्याखाली लालसर, नळ्यानळ्यांचा, मऊ जांभा. चिरा, म्हणजे बांधकामाचा ठोकळा, निघतो तो इथून. त्याखाली लिथोमार्ज : पांढरट, गुलाबी, जांभळट चट्ट्यांची चिकण माती, ओली असताना बोटाला साबणासारखी. मग कुजलेला बसाल्ट आणि शेवटी ताजा.

भूजलाच्या मजकुरात या क्रमालाच महत्त्व आहे. पाणी कवचाच्या भेगांतून आणि जांभ्याच्या नळ्यांतून झपाट्याने उतरते, लिथोमार्ज त्याला खाली जाऊ देत नाही, म्हणून ते आडवे वाहून सड्याच्या कुशीतून झऱ्याच्या रूपाने बाहेर पडते. वाड्या, आगरे, देवळांची पाण्याची कुंडे बहुतेक याच रेषेवर. सड्यावर माथ्याला खोदलेली विहीर जांभ्यातच थांबली असेल तर ती श्रावणात तुडुंब आणि मार्च-एप्रिलात कोरडी. जांभा पाणी धरून ठेवत नाही. आणि अतिवृष्टीत दरड घसरते ती बहुधा त्या साबणासारख्या थरावरूनच. तुमच्या मजकुरात ‘सडा’, ‘सड्याची कूस’ आणि ‘मळा’ (सगळ्यात खालची जमीन) हे तीन शब्द नीट वापरले तर निम्मे समजावणे आपोआप होईल.

बसाल्टच्या पठाराला मात्र सडा म्हणू नये. जांभ्याचे कवच नाही तर सडा नाही.

रानवाट :
एक दुरुस्ती. सडा फक्त कोकणातला असे वाचणाऱ्याला वाटू नये. पाटण तालुक्यात सडावाघापूर आहे, उलट्या धबधब्यासाठी लोक जातात ते. चांदोलीच्या जंगलात झोळंबीचा सडा आहे. म्हणजे शब्द घाट चढून सातारा-सांगलीच्या डोंगरात पोचला आहे, आणि तिथेही माथ्यावर जांभाच आहे.

खडकवाचक :
बरोबर, मी तळकोकणापुरते बोललो. जांभ्याचे दोन मजले आहेत. एक घाटमाथ्यावरचा, साधारण १००० मीटरच्या आणि त्याहून वरचा : महाबळेश्वर, पाचगणी, कास. दुसरा किनाऱ्याजवळचा, बहुधा ५० ते २०० मीटरचा : रत्नागिरी, राजापूर, देवगड, मालवण आणि पुढे गोवा. घाटमाथ्यावर ‘पठार’ आणि ‘सडा’ दोन्ही शब्द नांदतात. पाचगणीला तर ‘टेबललँड’च रुळले. खालच्या मजल्यावर सड्याला दुसरा शब्द नाही.

माजघर :
आता शेजारचे शब्द, कारण घोटाळा तिथेच होतो.

कातळ म्हणजे उघडा पडलेला खडक, मग तो जांभ्याचा असो की काळवत्रीचा, नदीच्या पात्रातला असो की डोंगरावरचा. जांभा हे खडकाचे नाव. चिरा म्हणजे त्या जांभ्यातून कापून काढलेला बांधकामाचा ठोकळा. सडा हे जागेचे नाव. सड्यावर गुरे चरतात, कातळावर पाय घसरतो, जांभा खणतात, चिरा रचतात. चारही शब्द एकमेकांच्या जागी टाकले की वाक्य लगेच खटकते : ‘सड्याचे घर बांधले’ असे कोणी म्हणत नाही.

भरड म्हणजे सड्याच्या खालच्या अंगाची खडेमिश्रित, पातळ मातीची, पण नांगर चालेल अशी जमीन. वरकस त्याच कुळातली, नाचणी-वरी तिथे. मळा सगळ्यात खाली, व्हाळाकाठी, म्हणजे ओढ्याकाठी. माळ हा शब्द देशावरचा मोकळा. त्यात खडक असेलच असे नाही.

‘लॅटराइट’ शब्दाचे मूळही चिऱ्यातच आहे. फ्रान्सिस बुकानन याने केरळातल्या अंगाडीपुरम इथे हा दगड मऊ असताना विटेसारखा कापताना आणि उघड्यावर कडक होताना पाहिला, आणि १८०७ साली छापलेल्या प्रवासवृत्तात लॅटिन ‘लाटर’ म्हणजे वीट यावरून नाव दिले. इंग्रजी संज्ञा वापरावरून आली आहे. मराठी ‘जांभा’ रंगाकडे बघतो.

चिरेबंदी :
चिऱ्याचा विषय निघालाच आहे तर त्यात गफलत नको. ‘सड्याचा कडक कातळ, त्याचा चिरा किती मजबूत असेल’ असे शहरातून येणारा समजतो. उलट आहे. सर्वांत वरचे कवच कापायला जात नाही. ते वेडेवाकडे फुटते, ते फोडून बाजूला काढतात. चिरा त्याखालच्या मऊ थरातून पडतो. पूर्वी टिकावाने आणि पहारीने पाडत, आता रुळांवर सरकणाऱ्या गोल पात्याच्या यंत्राने आधी उभे-आडवे छेद घेतात आणि मग तळातून उचकटतात. खूप खोल गेलात की दगड पिवळा, मातकट होत जातो. तिथे खाण थांबवायची असते. पुष्कळ जण थांबवत नाहीत आणि तोच माल स्वस्तात विकला जातो.

चिरा हातात घेऊन बघावा. चांगल्या चिऱ्याच्या भोकांच्या कडा गडद, जवळजवळ चॉकलेटी आणि चकचकीत असतात. नखाने खरवडले तर पावडर पडत नाही. वाईट चिऱ्याच्या भोकांत पिवळी माती भरलेली असते. पहिल्या दोन पावसांत ती धुऊन जाते आणि भिंत जाळीसारखी होते. हातोडीने ठोकून पाहा : खणखणीत वाजला तर घ्या, बद्द वाजला तर ठेवा. भारतीय मानक ३६२० प्रमाणे दाब सोसण्याची ताकद दर चौरस मिलिमीटरला निदान ३.५ न्यूटन हवी आणि पाणी शोषणे वजनाच्या १२ टक्क्यांच्या आत. दुसरी कसोटी घरी होते. चिरा पुरता वाळवून वजन करा, २४ तास पाण्यात बुडवा, पुसून पुन्हा वजन करा. कोरडा ३० किलो भरला तर भिजलेला ३३.६ किलोच्या वर जाता कामा नये.

खाणीतून निघालेला चिरा लगेच भिंतीत घालू नये. त्यातले पाणी निघून जाताना लोहाची ऑक्साइडे घट्ट होतात, तेव्हाच तो टणक होतो. त्याला उन्हावाऱ्यात मोकळा रचून काही आठवडे तरी द्यावेत. आणि जोत्याचे थर काळवत्रीत घ्यावेत, नाहीतर जांभा जमिनीची ओल वर खेचतो आणि भिंतीचा गिलावा खालून सुटतो.

आंब्याच्या बागाइतदारांसाठी शब्दाचा आणखी एक उपयोग. ‘सड्यावरची बाग’ म्हटली की खड्डा फोडावा लागला हे गृहीत. कलमाला १ मीटर लांब, रुंद, खोल असा खड्डा म्हणजे १ घनमीटर माती बाहेरून आणायची. १० मीटर अंतरावर लावले तर हेक्टरी १०० खड्डे, १०० घनमीटर माती. खड्डा भरण्याआधी त्यात पाणी ओतावे. दुसऱ्या दिवशीही साठून राहिले तर तळाचे कवच फुटलेले नाही. तळ आणखी फोडावा किंवा उताराच्या बाजूला चर काढावा. नाहीतर पावसाळ्यात मुळे कुजतात आणि दोष कलमावर जातो.

रानवाट :
चिरेबंदींची माहिती उपयोगाची आहे, पण सड्यावर बाग आणि खाण सोडून काही नसते असा समज त्यातून होऊ नये. मेमध्ये सडा तव्यासारखा तापतो, गवताच्या काड्याही काळ्या पडतात. पहिला पाऊस पडतो, आणि जूनमध्ये बोटभर मातीच्या खळग्यांतून दीपकाडीची पांढरी फुले वर येतात. ही जात रत्नागिरी-सिंधुदुर्गाच्या आणि गोव्याच्या बाजूला सड्यांवर मिळते, जगात इतरत्र नाही. मग पाणथळ चकत्यांवर सीतेची आसवे, गेंद, दवबिंदू. सीतेची आसवे आणि दवबिंदू या दोन्ही कीटकभक्षी, कारण या मातीत नत्र फारच कमी. ते त्यांना किड्यांतून मिळवावे लागते. सप्टेंबर-ऑक्टोबरात सगळे आटपते. सड्यावर बाहेरची माती पसरली की ही जीवसृष्टी संपते, कारण मातीचा पातळपणा हीच तिची अट आहे.

कातळशिल्पेही याच कवचावर कोरलेली आहेत. कशेळीचा हत्ती सुमारे १८ मीटर लांब आहे. उक्षी, जांभरूण, बारसू, देवीहसोळ, देवाचे गोठणे, रुंढे तळी, कुडोपी ही ठिकाणे गोव्यातल्या एका स्थळासह २०२२ मध्ये युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली. कवच टणक नसते तर या रेषा टिकल्या नसत्या.

म्हणून अनुवादात ‘सडा’ ऐवजी ‘पडीक जमीन’ लिहू नका, ही कळकळीची विनंती. सातबारावर ती पोटखराबा म्हणून लागते, तो लागवडीच्या हिशेबाचा शब्द. एकदा ‘पडीक’ छापले की पुढचा वाचणारा ती मोकळीच आहे असे धरून चालतो. सडा म्हटले की पाणी मुरण्याची जागा, चराईची जागा, शिल्पांची जागा सगळे त्यात येते.

चौकस :
सर्वांचे आभार. परिशिष्टातल्या शब्दसूचीसाठी नोंद अशी केली आहे, तपासून द्या :

सडा (पु.) : जांभा खडकाचे कठीण कवच माथ्यावर उघडे असलेली, माती अत्यल्प असलेली सपाट उंचवट्याची जागा. कोकण, गोवा, सह्याद्रीचा दक्षिण भाग. पाहा : कातळ, जांभा, चिरा, भरड, मळा.

खडकवाचक :
‘अत्यल्प’ नंतर ‘आणि तीही खळग्या-भेगांत’ एवढे घाला. मातीचा सलग थर असेल तर ती भरड. बाकी नोंद ठीक.

माजघर :
सामान्यरूप ‘सड्या-’ कंसात द्या, आणि दोन उदाहरणे जोडा : ‘बारसूच्या सड्यावर’, ‘सडेवाघोटण’. कोकणाबाहेरचा अनुवादक ‘सडावर’ लिहितो, ते टळेल.