'उमेदवार' म्हणजे नक्की कोण?

दौतटाक : बेंजामिन फ्रँकलिनवर किशोरांसाठी छोटी पुस्तिका लिहितोय. विजेच्या प्रयोगाचा पतंगवाला फ्रँकलिन सगळ्यांना ठाऊक असतो, मला छापखान्यातला, वर्तमानपत्रवाला हवा आहे. पहिल्याच प्रकरणात गाडी अडली. १७१८ साली, बारा वर्षांचा असताना, तो बॉस्टनमध्ये थोरल्या भावाच्या, जेम्सच्या, छापखान्यात लागला. मी लिहिलं, 'भावाकडे उमेदवार म्हणून राहिला.' नववीतल्या भाचीला वाचायला दिलं. तिचा प्रश्न : "मग निवडून आला का?"
आमच्या लहानपणी 'उमेदवारी करणे', म्हणजे कुणाच्या हाताखाली राबून धंदा शिकणे, हे कुणाला समजावून सांगावं लागत नसे. शब्द गेला का? काय वापरू?

शाईबोटे : गेला कसा? आजोबा छापखान्यात जुळारी होते. पहिलं वर्षभर खिळे, म्हणजे छपाईची सुटी अक्षरं, जुळवायला हातच लावू दिला नाही, छापून झालेले खिळे परत आपापल्या खान्यात टाकायचे. पगार शून्य, दोन वेळचा चहा. 'उमेदवारी केली' म्हणताना म्हाताऱ्याची मान ताठ व्हायची. भाचीला शब्द शिकवा, शब्द बदलू नका.

पडवीतला : 'शिकाऊ उमेदवार' करा. सरकारी जाहिरातीत तसंच असतं.

दौतटाक : 'शिकाऊ' म्हटलं की मला गाडीवरचा लाल 'एल' दिसतो. शिवाय फ्रँकलिनचं प्रकरण नुसतं शिकण्याचं नव्हतं. एकविसाव्या वर्षापर्यंत भावाकडेच राबायचं असा रीतसर करार होता, सहीनिशी.

अनुस्वार : उमेदवार मुळात फारसी. आपल्याकडे 'अंतेवासी' असताना उसनवारी कशाला? गुरूच्या घरी राहून विद्या घेणारा.

दौतटाक : सुंदर शब्द, पण इथे बसत नाही. जेम्सचं लग्न झालेलं नव्हतं, त्याला स्वतःचं बिऱ्हाडच नव्हतं. तो आणि त्याच्याकडची पोरं दुसऱ्याच कुटुंबात पैसे भरून जेवायची. गुरूच परान्नावर! आणि तिथेही बेंजामिननं मेख मारली. सोळाच्या सुमारास मांसाहार सोडला आणि भावाला म्हणाला, माझ्या जेवणाचे भरतोस त्याच्या निम्मे मलाच दे. त्यातलेही निम्मे वाचवून पुस्तकं घेतली.

शाईबोटे : हा मुलगा आमच्या खाणावळीत शोभला असता.

शाईबोटे : आणि अनुस्वार, फारसी काढायचं तर 'शाई' आणि 'कागद'ही काढा. मग छापणार काय आणि कशावर?

अनुस्वार : रुळलेले राहू द्यात. मी नवी भरती थांबवा म्हणतोय.

शाईबोटे : उमेदवार नवी भरती? पेशवाईच्या दप्तरात डोकावून या एकदा.

रविवारची_भाजी : मला वाटायचं उमेद + वार, म्हणजे ठरलेल्या वारी पगार मिळेल या आशेवर बसलेला. सोमवार, मंगळवारातला वार.

काळीपाटी : कल्पना गोड आहे, पण चूक. सोमवारातला 'वार' संस्कृत, हा फारसी प्रत्यय. उमेदवार म्हणजे आशा बाळगून असलेला, एवढंच. म्हणून तर निवडणुकीलाही चालला.

तिसरं_रेल्वे_गेट : करार आहे तर 'गिरमिट' का नको? अ‍ॅग्रीमेंटचं गिरमिट, त्यावरून गिरमिटिया, म्हणजे करारानं बांधलेला मजूर.

पडवीतला : मराठीत गिरमिट म्हणजे सुताराचं भोक पाडायचं हत्यार. 'फ्रँकलिन भावाकडे गिरमिट होता' असं लिहिलंत तर भाची आणखी हसेल.

बेळगावी_कुंदा : आमच्याकडे गिरमिट म्हणजे चुरमुऱ्यांचा पदार्थ, वर मिरची भजी. संध्याकाळी या.

काळीपाटी : धाग्याची भेळ होण्याआधी एक. त्याच करारात शेवटच्या वर्षी 'जर्नीमन'ची मजुरी द्यायचं कबूल होतं. हा शब्द मी एका भाषांतरात 'प्रवासी कामगार' असा पाहिला आणि कपाळावर हात मारला. तो फ्रेंच 'जुर्ने'वरून, म्हणजे दिवस, दिवसभराचं काम. आपला 'रोजंदार' तंतोतंत तसाच घडलाय, रोज म्हणजे दिवस. आणि रोजही फारसीच, अनुस्वार.

दौतटाक : रोजंदार कारागीर! घेतला. पण उमेदवार तसाच लटकलाय. शिवाय पुढे आणखी गुंता आहे. जेम्सनं १७२१ साली 'न्यू इंग्लंड कुरंट' हे वर्तमानपत्र काढलं, अधिकाऱ्यांना टोचून लिहिलं, पुढच्या वर्षी महिनाभर तुरुंगात गेला. १७२३ साली हुकूम निघाला की जेम्सनं हे पत्र छापायचं नाही. मग ते बेंजामिनच्या नावानं निघू लागलं. उमेदवाराच्या नावावर पत्र चालवलं तर कुणी हरकत घेईल, म्हणून जुना करार त्याला उघडपणे मोकळा करून दिला आणि उरलेल्या मुदतीचा दुसरा गुपचूप केला. भावाभावांत भांडणं, मारहाण. शेवटी सतरा वर्षांच्या पोरानं ओळखलं की लपवलेला कागद भाऊ चारचौघांत काढू शकत नाही. निघून गेला. जेम्सनं गावातल्या प्रत्येक छापखान्यात जाऊन सांगितलं, याला काम देऊ नका. मग फिलाडेल्फिया. आता या मधल्या काळात त्याला म्हणायचं काय? कागदावर मुद्रक-प्रकाशक, आतून उमेदवार!

शाईबोटे : नामधारी मालक. असे आपल्याकडे पैशाला पासरी. एका साप्ताहिकाच्या शेवटच्या पानावर तळाशी 'मुद्रक, प्रकाशक' म्हणून मालकाच्या सासूचं नाव बघितलंय मी. माउलीला अक्षरओळख नव्हती.

काळीपाटी : पळाल्यावर जेम्सनं त्याच पत्रात जाहिरात दिली, क्वीन स्ट्रीटवरच्या मुद्रकाला चुणचुणीत पोरगा हवा आहे म्हणून. तिथेही 'अ‍ॅप्रेंटिस'च शब्द. तुम्हीही सरळ 'अ‍ॅप्रेंटिस' लिहा. आयटीआयचं पोरगं तेच म्हणतं.

अनुस्वार : मग पुस्तिका मराठीत कशाला लिहायची?

मुलाखत_नको : मी गॅरेज चालवतो. आमच्यात म्हणतात 'हाताखाली आहे'. 'भावाच्या हाताखाली लागला' लिहा ना, नामाची गरजच काय?

दौतटाक : वाक्य झकास. पण करार हाताखाली येत नाही, आणि पुढे चाळीस ठिकाणी नाम लागणारच.

रविवारची_भाजी : त्यानं विधवा बाईच्या नावानं पत्रं लिहिली होती ना? ते नाव मराठीत कसं करणार?

दौतटाक : सायलेन्स डूगुड. १७२२ साली चौदा पत्रं, रात्री छापखान्याच्या दाराखालून सरकवलेली. भाऊ छापत राहिला, लेखक घरातच आहे हे माहीत नसताना. नाव तसंच ठेवणार.

शाईबोटे : तसंच ठेवलंत तर गंमत मेली. 'मौनाबाई भलेकर' करा!

अनुस्वार : पहिल्यांदाच तुमच्याशी सहमत. फक्त 'मौनवती'.

शाईबोटे : मौनवती शाळेच्या दाखल्यावर. टोमणे मौनाबाईच मारणार.

पडवीतला : विशेषनामांचं भाषांतर करायचंच नाही, हा नियम आहे. उद्या फ्रँकलिनचा 'मोकळे' कराल.

बेळगावी_कुंदा : मोकळे आडनावाचे शेजारी होते आमचे. गिरमिटाला कुणी येतंय का?